आवलीच्या बाजूनं उभं राहिलेलं घर

बेलवाडीचं गोल रिंगण आटोपलं की तुकोबांची पालखी अंथुर्ण्यात मुक्कामाला येते. त्याआधी काटेवाडीला परीट समाजानं अंथरलेल्या धोतरांच्या पायघड्या आणि मेंढ्यांचं रिंगण, मग सणसरचा मुक्काम. अंथुर्ण्यानंतर निमगाव केतकी आणि इंदापूर. बारामती-इंदापूरच्या या पट्ट्यातल्या माणसाला तुकोबा पुस्तकात भेटतात त्याहून जास्त रस्त्यावर भेटतात. तरीही देहूतलं त्यांचं घर डोळ्यांसमोर आणा म्हटलं, की जुन्या पिढीतल्या बहुतेकांना एकच घर दिसतं. मातीच्या भिंती, अंगण, दारात म्हैस, चुलीशी बसलेली त्यांची तापट बायको आवली. हे घर देहूत नव्हतं. १९३६ साली ते ‘संत तुकाराम’ या चित्रपटासाठी पुण्यात, प्रभात फिल्म कंपनीच्या आवारात बांधलं गेलं आणि चित्रीकरण संपल्यावर मोडलंही गेलं. ते ज्यांनी उभं केलं त्या एस. फत्तेलाल यांना, म्हणजे सगळ्या प्रभातच्या साहेबमामांना, आपण तुकोबांचा चेहरा झालेल्या विष्णुपंत पागनीसांइतकं आठवत नाही. नटाचा चेहरा लक्षात राहतो. त्या चेहऱ्यामागची भिंत मनात खोल उतरते, पण ती कोणी लिंपली हे विचारायचं राहून जातं.

ते विचारण्यासाठीच हे लिहितो आहे. ‘संत तुकाराम’ या चित्रपटाबद्दल भरपूर लिहिलं गेलं आहे. शिवराम वाशीकरांची पटकथा, केशवराव भोळ्यांचं संगीत, शांताराम आठवल्यांनी इतक्या तादात्म्यानं लिहिलेली पदं की त्यातलं एक लोकांनी तुकोबांचंच मानलं, पागनीसांची तल्लीनता आणि गौरी या नटीनं साकारलेली जिजाई, म्हणजे आपली आवली. मुंबईच्या सेंट्रल सिनेमात तो वर्षाहून अधिक काळ सलग चालला आणि १९३७ साली व्हेनिसच्या महोत्सवात गौरवला गेला. हे सगळं ठाऊक असूनही त्या चित्रपटातलं घर घर म्हणून निरखावं असं फारसं कुणाला वाटलेलं नाही. मला वाटतं, चित्रपटाचा जीव त्या घरात आहे.

साहेबमामा कोल्हापूरकडचे. त्यांची शाळा म्हणजे आनंदराव आणि बाबुराव पेंटर या दोघा भावांचा कारखाना. संगीत नाटकांचे पडदे रंगवण्यात त्या काळी या मंडळींचा हात धरणारं कोणी नव्हतं. राजवाडा, अरण्य, नदीकाठ, देऊळ, हे सगळं कापडावर असं उतरायचं की पडदा वर जाताच प्रेक्षक टाळी द्यायचे. आनंदराव १९१६ साली गेले. बाबुरावांनी सिनेमाचा ध्यास सोडला नाही. विष्णुपंत दामल्यांना हाताशी धरून त्यांनी कॅमेराच घरी तयार केला आणि महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी केली. १९२० साली त्यांचा ‘सैरंध्री’ आला. दामले आणि फत्तेलाल यांची जोडी याच कारखान्यात जमली. दामलेमामा यंत्राचे आणि पुढे ध्वनीचे जाणकार, साहेबमामा रंगरेषेचे आणि आकाराचे. पुढचं सगळं आयुष्य ही जोडी एकमेकांच्या खांद्याला खांदा लावून राहिली.

बाबुराव पेंटरांकडे ही मंडळी जी मोठी गोष्ट शिकली ती म्हणजे पडद्यावरून भिंतीकडे येणं. नाटकाचा रंगवलेला पडदा लांबून बघायचा असतो आणि बघणारा जागचा हलत नाही. कॅमेरा जवळ जातो, कोपऱ्यात शिरतो, बाजू बदलतो. त्याच्यापुढे रंगवलेला खांब उघडा पडतो. त्याला खरा, गोल, सावली पाडणारा खांब लागतो. आपल्याकडच्या सुरुवातीच्या चित्रपटांत पाठीमागे पडदेच असत. कोल्हापुरात मात्र लांबी, रुंदी आणि खोली असलेले सेट उभे राहू लागले. १९२५ च्या ‘सावकारी पाश’मध्ये शेतकऱ्याची झोपडी आणि अंधारात भुंकणारा कुत्रा यांनी पुढच्या अनेक जाणकारांच्या मनात घर केलं. देवादिकांच्या महालांची सवय झालेल्या पडद्यावर गरिबाची झोपडीही तेवढ्याच गांभीर्यानं बांधता येते, हा धडा कोल्हापुरानं तिथे घेतला. साहेबमामांच्या पुढच्या कामाचं बी मला त्या झोपडीत दिसतं.

१ जून १९२९ रोजी कोल्हापुरात प्रभात फिल्म कंपनी स्थापन झाली. व्ही. शांताराम, दामले, फत्तेलाल, केशवराव धायबर आणि भांडवलाची बाजू सांभाळणारे सीतारामपंत कुलकर्णी असे पाच भागीदार. १९३२ साली ‘अयोध्येचा राजा’ हा पहिला मराठी बोलपट त्यांनी दिला आणि १९३३ मध्ये कंपनी पुण्याला आली. पुण्यातल्या नव्या स्टुडिओत साहेबमामांना ऐसपैस जागा मिळाली आणि त्यांनी ती आधी भव्यतेनं भरली. १९३४ च्या ‘अमृतमंथन’मध्ये चंडिकेच्या देवळाचा सेट असा आहे की माणूस त्यापुढे मुंगीएवढा वाटावा. प्रचंड मूर्ती, उंच खांब, खालून येणारा ज्वाळांचा उजेड. राजगुरूच्या धर्मवेडाची दहशत शब्दांच्या आधी त्या दगडी वजनातून प्रेक्षकाच्या अंगावर येते. १९३६ सालच्या ‘अमरज्योति’साठी त्यांनी समुद्र आणि गलबतं उभी केली. आणि त्याच वर्षी, त्याच हातांनी, तुकोबांचं मातीचं घर बांधलं.

एकाच वर्षातली ही दोन कामं शेजारी ठेवली की कलावंत म्हणून साहेबमामांची झेप कळते. गलबत बांधताना सगळ्यांना दिसतं की काहीतरी बांधलं आहे. मातीचं घर बांधताना ते बांधलेलं आहे हेच कोणाला दिसता कामा नये. पहिल्यात कसब मिरवता येतं, दुसऱ्यात लपवावं लागतं. कॅमेऱ्यासमोरची मातीची भिंत आपल्या गावातल्या भिंतीसारखी चार उन्हाळे-पावसाळे खाऊन तयार झालेली नसते. बांबू, फळ्या, किलतान, गिलावा यांच्यावर ती काही दिवसांत उभी करायची आणि तिच्यावर वीस-तीस वर्षांचा संसार चढवायचा. चुलीच्या वरचा भाग धुरानं काळवंडलेला हवा. टेकून बसायची जागा पाठीनं गुळगुळीत झालेली हवी. उंबरठा मधोमध झिजलेला हवा, कारण पाय तिथेच पडतात. पाणी ठेवायच्या कोपऱ्यात ओल हवी. कोपरे कुठेही काटकोनात नकोत, कारण हातानं लिंपलेल्या घरात कोपरा काटकोनात येत नाही. यातली एखादी गोष्ट चुकली तर प्रेक्षकाला चूक सांगता येत नाही, पण त्याचा विश्वास उडतो.

इंदापूर-बारामतीच्या बाजूला ज्यांनी जुनी धाब्याची घरं पाहिली आहेत, पांढऱ्या मातीचं माळवद दर पावसाळ्याआधी नीट करणारी माणसं पाहिली आहेत, त्यांना ही पारख लगेच येते. आता नीरा डाव्या कालव्याच्या पाण्यावर उसाचा पैसा आला, भवानीनगरचा कारखाना आला, पलीकडे वालचंदनगर वसलं, घरं सिमेंटची झाली. पण मातीच्या घराचा संसार कसा मांडलेला असतो हे ठाऊक असलेली माणसं अजून गावात आहेत. अशा माणसाला सिनेमातलं नकली खेडं चटकन टोचतं. भिंती एकसारख्या रंगाच्या, गाडगी सगळी नवी, कंदील शोभेला टांगलेला. ‘संत तुकाराम’मधलं घर त्याला टोचत नाही. त्या घरातली प्रत्येक वस्तू कोणाच्या तरी हाताशी आहे. ती हाताला लागेल तिथे ठेवलेली आहे, आणि तो हात आवलीचा आहे.

इथेच माझ्या म्हणण्याचा गाभा आहे. हा चित्रपट दोन जागांमधला वाद आहे. देऊळ, कीर्तन, नदीकाठ, आभाळ ही तुकोबांची जागा. चूल, अंगण, म्हैस, पोरं, धान्याचं मडकं ही आवलीची जागा. कथा तुकोबांच्या बाजूनं जाते. जायलाच हवी, चित्रपट त्यांचा आहे. पण घर आवलीच्या बाजूनं उभं राहतं. ती जेव्हा नवऱ्यावर कडाडते की घरात खायला नाही, तेव्हा तिच्या बोलण्याला पुरावा म्हणून तिच्या मागचं घर उभं असतं. ते घर साजरं, नीटनेटकं, चित्रातल्यासारखं असतं तर आवली कजाग ठरली असती. ते घर खरोखर रिकामं आहे, म्हणून ती खरी ठरते. गौरी ही नटी शिकलेली नव्हती, प्रभातमध्ये ती साध्या कामावर आलेली बाई. तिच्या अभिनयातला रोखठोकपणा सगळ्यांनी वाखाणला. पण तिला ती चूल, ते अंगण, ती म्हैस मिळाली नसती तर तो रोखठोकपणा टेकला कशावर असता? ती बोलता बोलता काम करते आणि काम करता करता बोलते. घर तिच्या हालचालींना जागा करून देतं. नटाला काम देणारा सेट हा उत्तम सेट, आणि साहेबमामांचं हे घर त्या कसोटीवर शंभर टक्के उतरतं.

कृष्णधवल चित्रपटात रंग नसतो, पण रंगाचं काम असतं. तेव्हाच्या कलादिग्दर्शकाला हिरवा, तांबडा, पिवळा हे सगळे रंग करड्याच्या वेगवेगळ्या छटांत बदलून बघावे लागत. पांढरं स्वच्छ कापड दिव्याखाली चकाकतं, म्हणून ते किंचित मळवून, रंगाच्या पाण्यातून काढून वापरायचं. भिंत फार उजळ झाली तर माणूस काळा पडतो, फार गडद झाली तर तो तिच्यात बुडतो. तुकोबांच्या घरात भिंतीची छटा या दोन टोकांच्या मधोमध आहे. तिच्यावर तुकोबांचा पांढरा वेश आणि पागोटं सुटून दिसतं, जणू ते घरात असूनही घराचे नाहीत. आवली मात्र तिच्या लुगड्यासकट, मडक्यांसकट, चुलीसकट त्याच मातकट पट्ट्यात मिसळते. कोण या घराला धरून आहे आणि कोण सुटत चाललं आहे, हे संवाद सुरू होण्याआधीच डोळ्याला कळतं. छायालेखक व्ही. अवधूत यांचा प्रकाश आणि साहेबमामांची भिंत यांनी मिळून केलेलं हे काम आहे.

आवाजाचंही तसंच. बोलपट येऊन तेव्हा चार-पाच वर्षंच झाली होती. सेटचा पृष्ठभाग कसा आहे यावर आवाज घुमतो की दबतो हे ठरायचं. ज्या जोडीतला एकजण ध्वनी सांभाळत होता आणि दुसरा भिंती, त्या जोडीला हे सांगावं लागत नव्हतं. शिवाय या चित्रपटाचं दिग्दर्शनही दोघांचंच. म्हणून सेट आणि प्रसंग यांच्यात कुठे सांधा दिसत नाही. दुसऱ्या कोणी लिहिलेल्या प्रसंगाला साहेबमामांनी मागाहून घर पुरवलेलं नाही. प्रसंग त्या घरातूनच उगवला आहे.

एक प्रसंग जवळून पाहू. पोर आजारी आहे. तुकोबा विठ्ठलाच्या नादात. आवलीच्या सहनशक्तीचा अंत होतो. ती पोराला हाताला धरून ओढत देवळाकडे निघते, दुसऱ्या हातात वहाण. विठोबालाच जाब विचारायचा, आणि नाही ऐकलं तर त्याला वहाणेनं मारायचं. भक्तिपटात असं दृश्य ठेवण्याचं धाडस मोठंच. पण ते उद्धटपणाचं वाटत नाही, कारण आपण तिच्याबरोबर घरातून निघालो आहोत. चुलीच्या, अंगणाच्या जगातून ती देवळाच्या जगात शिरते. तोवर देऊळ तुकोबांचं होतं. तिथे शांतता होती, ठहराव होता, समोरून दिसणारी मूर्ती होती. आवली येते ती आपल्या घराची धूळ पायाला घेऊन. दोन जागा एकमेकींवर आदळतात. आणि चमत्कार होतो तो या आदळण्यातून. पोर बरं होतं. चमत्कार तुकोबांच्या भजनाला उत्तर म्हणून होतो की आवलीच्या वहाणेला, हे चित्रपट सांगत नाही, आणि त्यामुळेच तो अजून ताजा आहे.

दुसरा प्रसंग शिवाजी महाराजांनी पाठवलेल्या नजराण्याचा. दागिने, भरजरी वस्त्रं त्या घरात येतात. पोरं हरखतात, आवली हरखते. इथे सेटनं जे केलं आहे ते शब्दांत पकडणं अवघड. तोवर आपले डोळे त्या मातीच्या छटेला इतके सरावले आहेत की जरीची चमक घरात येताच ती उपरी वाटते. पडद्यावर पहिल्यांदाच काहीतरी झगमगतं, आणि ते सुंदर असूनही या घराचं नाही हे आपल्यालाच जाणवतं. तुकोबांचा नकार आपल्याला पटतो तो त्यांच्या युक्तिवादानं नव्हे, डोळ्यांनी. त्याच वेळी आवलीचा जीव तुटतो तोही पटतो, कारण या भिंतींच्या आत तिनं काय काढलं आहे ते आपण पाहिलं आहे. ऐवज परत जातो आणि घर पुन्हा होतं तसं होतं. त्या दरिद्री घराला इतका मान मराठी पडद्यावर क्वचितच मिळाला असेल.

आणि सालोमालोचं काय? तुकोबांची पदं आपल्या नावावर खपवणारा हा दांभिक पंडित सुरुवातीलाच दिसतो. तुकोबा जे पद साधेपणानं, डोळे मिटून म्हणतात, तेच तो हातवारे करत, ताना घेत, नाटकी थाटात म्हणतो. संगीत नाटकाच्या पडद्यांवर उमेदवारी केलेल्या माणसानं संगीत नाटकाच्या थाटालाच इथे दांभिकपणाची खूण केलं आहे. ज्या दिखाऊपणात साहेबमामांची तरुण वर्षं गेली, तो दिखाऊपणा आता कुठे वापरायचा आणि कुठे टाळायचा हे त्यांना नेमकं कळलं होतं.

आता चमत्कारांकडे येऊ. बुडवलेल्या वह्या परत मिळणं, धान्याची रास, अखेरचं वैकुंठगमन. चमत्कार हे त्या काळच्या पौराणिक चित्रपटांचं हुकमी आकर्षण होतं. इंद्रसभा, ढग, तेज:पुंज देव यांची रेलचेल असे. देवांच्या दरबारात चमत्कार घडला तर त्यात नवल ते काय? तिथे सगळंच चमत्कारी. साहेबमामांनी आधी जमीन इतकी खरी केली की त्या जमिनीवर काही अद्भुत घडलं की ते खरोखर अद्भुत वाटतं. ज्या अंगणात शेण-पाणी होतं त्याच अंगणात देव आला तर अंगावर काटा येतो. अखेरीस गरुडाचं वाहन येतं आणि तुकोबा आकाशात निघतात. ही सगळी त्या काळची ट्रिक फोटोग्राफी आहे आणि आजच्या डोळ्याला तिचे सांधे दिसतात. तरीही प्रसंग ढळत नाही. आपण आकाशाकडे बघतो ते त्या ओळखीच्या, मातीच्या गावात उभे राहून.

हीच रीत साहेबमामांनी चार वर्षांनी ‘संत ज्ञानेश्वर’मध्ये आणखी पुढे नेली. १९४० चा हा चित्रपटही दामले-फत्तेलाल जोडीचा. वाघावर बसून येणाऱ्या चांगदेवांना सामोरं जायला भावंडं बसलेली भिंत चालू लागते. ही कथा सगळ्या महाराष्ट्राला तोंडपाठ आहे. पण ती पडद्यावर आणणाऱ्या कलादिग्दर्शकाची अवस्था ध्यानात घ्या. ज्यानं जन्मभर भिंती उभ्या केल्या, भिंत भिंतीसारखी दिसावी म्हणून जीव टाकला, त्याच्याकडे एक प्रसंग असा आला की भिंतीला जागचं हलवायचं होतं. भिंत चालते हा चमत्कार वाटायचा तर ती आधी न चालणारी, जुनी, जड, खरी भिंत वाटली पाहिजे. पुठ्ठ्याची भिंत चालली तर तो खेळ होतो.

या दोन संतपटांच्या मधल्या काळात साहेबमामांनी शांतारामांच्या सामाजिक चित्रपटांसाठी केलेलं कामही याच नजरेनं पाहायला हवं. १९३७ च्या ‘कुंकू’मध्ये म्हाताऱ्या काकासाहेबांशी लग्न लावून दिलेली नीरा त्या जुन्या घरात अडकते. भिंतीवरचं घड्याळ, आरसा, दारं, खोल्या यांनीच तिचं कोंडणं बोलून दाखवलं आहे. त्या चित्रपटात पार्श्वसंगीत नाही. घरातले खरे आवाज आहेत. जे घर नुसतं पाठीमागे उभं असतं त्यातून असे आवाज निघत नाहीत. त्यासाठी घर वापरातलं लागतं. १९३९ च्या ‘माणूस’मध्ये पोलीस गणपत आणि मैना यांच्यातली सगळी लाज, ओढ आणि अंतर गल्लीच्या, जिन्याच्या, खोलीच्या दाराच्या रूपात पडद्यावर येतं. कुठल्या जगातून कुठल्या जगात जायला किती पावलं पडतात, हे तिथलं वास्तुरूप सांगतं. तुकोबांचं घर आणि देऊळ यांच्यात जे अंतर होतं, तेच इथे शहरी होऊन आलं आहे.

जगात याच सुमारास या कामाला स्वतंत्र मान मिळू लागला होता. अमेरिकेत १९३९ च्या ‘गॉन विथ द विंड’साठी विल्यम कॅमेरॉन मेन्झीस यांना ‘प्रॉडक्शन डिझायनर’ असं श्रेय दिलं गेलं. सेटपुरतं न पाहता सगळ्या चित्रपटाचं दृश्यरूप एका माणसानं बांधायचं, ही कल्पना त्या शब्दामागे होती. पुण्यात साहेबमामा हेच करत होते. नाव कलादिग्दर्शकाचं आणि काम त्या शब्दापेक्षा मोठं. वेशभूषा, वस्तू, चौकटीची रचना, देवाच्या मूर्तीची उंची, सगळं एका डोळ्याखालून जायचं, आणि काही चित्रपटांत तर दामल्यांच्या जोडीनं दिग्दर्शकही स्वतःच.

ही परंपरा तुटली नाही. नितीन चंद्रकांत देसाई हे या वाटेवरचं आपल्या काळातलं मोठं मराठी नाव. ‘परिंदा’, ‘१९४२: अ लव्ह स्टोरी’, ‘हम दिल दे चुके सनम’, ‘देवदास’, ‘जोधा अकबर’ ही त्यांची कामं, चार राष्ट्रीय पुरस्कार, कर्जतचा एन. डी. स्टुडिओ. महालांचे आणि हवेल्यांचे शिल्पकार म्हणून त्यांची ख्याती झाली. मला मात्र त्यांचं ‘लगान’मधलं गाव अधिक मोलाचं वाटतं. कच्छच्या रखरखीत माळावर त्यांनी चंपानेर हे आख्खं खेडं उभारलं, गोल मातीची घरं, देऊळ, मधली मोकळी जागा. पाऊस न झालेल्या जमिनीची तहान त्या गावाच्या रंगात होती. ‘देवदास’च्या रंगीत काचांपेक्षा ही माती बांधणं अवघड, हे साहेबमामांना लगेच कळलं असतं. २ ऑगस्ट २०२३ रोजी देसाई गेले. मराठी माणसानं या कलेला दिलेल्या योगदानाचा हिशेब मांडताना साहेबमामा ते देसाई अशी सरळ रेघ काढता येते, आणि त्या रेघेची दोन्ही टोकं मला मातीच्या घरात रुतलेली दिसतात.

एक गोष्ट सांगितल्याशिवाय हे रसग्रहण पुरं होणार नाही. तुकोबांचं घर, ज्ञानोबांची भिंत, विठोबाचं देऊळ हे सगळं एका मुसलमान कलावंतानं बांधलं. याचं कौतुक वेगळं काढून करावं असं त्या काळच्या प्रभातला वाटलं नाही आणि वारकऱ्यालाही वाटू नये. देहूतून निघाल्यावर तुकोबांची पालखी पहिल्याच दिवशी अनगडशाह बाबांच्या दर्ग्याशी थांबते. श्रीगोंद्याच्या शेख महंमदांना या परंपरेनं संत म्हणून आपलं मानलं. साहेबमामा त्याच रांगेतले. त्यांनी अभंग रचला नाही, देवळाचा चबुतरा बांधला. वीणा धरली नाही, थापी धरली. भक्तीला चेहरा देणारे पुष्कळ असतात. तिला राहायला जागा देणारा दुर्मीळ, आणि साहेबमामा त्या दुर्मिळांतले.

नशीब या कलेचं असं की काम संपलं की ते मोडून टाकायचं असतं. सेट तोडला की उरते ती फिल्म. दामलेमामा १९४५ साली गेले. प्रभात १९५३ साली बंद पडली. साहेबमामा १९६४ साली गेले. प्रभातच्या आवारात १९६० साली सरकारी फिल्म इन्स्टिट्यूट उभी राहिली. २००३ साली तिथल्या नायट्रेट फिल्मच्या गोदामाला आग लागून प्रभातच्या चित्रपटांच्या मूळ निगेटिव्ह जळाल्या. सुदैवानं ‘संत तुकाराम’ पाहता येतो. त्यामुळे ते घर दुसऱ्यांदा मोडलं गेलं नाही. आज त्याच जागेवर कलादिग्दर्शन आणि प्रॉडक्शन डिझाइन हा अभ्यासक्रम शिकवला जातो. आमच्या बाजूच्या गणपतीच्या आराशीत, जत्रेतल्या देखाव्यात, शाळेच्या स्नेहसंमेलनात हात चालणारी पुष्कळ पोरं आहेत. थर्माकोलचा किल्ला आणि रंगवलेला डोंगर करताना त्यांच्यातल्या एखाद्याच्या हातात ही कला असते, फक्त तिचं नाव त्याला कोणी सांगितलेलं नसतं. अशा पोराला मी पहिल्यांदा महालाचा सेट दाखवणार नाही. ‘संत तुकाराम’ लावीन आणि सांगीन, आवाज बंद कर, माणसांकडे बघू नकोस, घराकडे बघ. चुलीवरचा काळपट भाग कुठवर गेला आहे ते बघ. मडकी कोणत्या हाताला आहेत ते बघ. बाई उठली की कुठून फिरते, तिला वाट कोणी ठेवली ते बघ. मग आवाज सुरू कर आणि आवलीचं भांडण ऐक.

तेव्हा त्याला कळेल की हा सेट कथेच्या मागे उभा नाही, तो कथेत बोलतो आहे. अखेरीस तुकोबा आवलीला वैकुंठाला चल म्हणतात आणि ती पोरांना सोडून जायला तयार होत नाही. संतचरित्र म्हणून पाहिलं तर इथे तिची समज तोकडी ठरायची. चित्रपट तिला तसं ठरू देत नाही. कारण जे सोडायला ती तयार नाही ते आपण दोन तास पाहिलेलं आहे, त्याच्या प्रत्येक कोपऱ्यासकट. वैकुंठाचा सेट कितीही दिमाखदार केला असता तरी तो या घराला तोलला नसता, आणि साहेबमामांनी तसा प्रयत्नही केला नाही. तुकोबांची थोरवी पागनीसांनी आणि पदांनी सांगितली. आवलीची थोरवी सांगायला शब्द थोडे होते, म्हणून त्यांनी तिला घर बांधून दिलं. मराठी चित्रपटात कलादिग्दर्शकानं एखाद्या पात्राला दिलेला याहून मोठा न्याय मला ठाऊक नाही.